फ्रेम एकाची, स्लाइड दुसऱ्याची

दुसऱ्या महायुद्धातलं अमेरिकी एम १९११ ए१ पिस्तूल हाती आलं की बहुतेक जण आधी स्लाइडवरचं कारखान्याचं नाव वाचतात. मी दिवा तिरपा धरून फ्रेमची डावी बाजू बघतो. तिथे दोन-तीन बारीक अक्षरं असतात, लष्करी तपासणी अधिकाऱ्याच्या नावाची. जीएचडी म्हणजे गाय एच. ड्र्यूरी, माल कोल्टचा. आरसीडी म्हणजे रॉबर्ट सी. डाउनी, कारखाना युनियन स्विच अँड सिग्नल, एरवी रेल्वेचे सिग्नल बनवणारा. एफजेए, म्हणजे फ्रँक जे. अॅटवुड, दिसलं तर मात्र घाई नको. टाइपरायटरवाल्या रेमिंग्टन रँडच्या पिस्तुलांवर ही अक्षरं आहेत आणि इथाका कारखान्याच्याही. निकाल अनुक्रमांक लावतो.

ठोकून उमटवलेल्या ठशात धातू बाजूला सरकतो आणि अक्षराच्या कडेला किंचित उठून राहतो. भिंगाखाली ही कड बघताना मला ठसा ठोकणाऱ्या अनाम तपासनिसाचा हात दिसतो; अक्षरं साहेबाची, घाव त्याचा. खोटं अक्षर कोरलेलं असेल तर तिथे धातू सरकलेला नसतो, खरवडलेला असतो. शिलाई मशीनच्या सिंगर कंपनीने अशी जेमतेम ५०० पिस्तुलं बनवली, म्हणून त्यांच्या जेकेसी ठशाकडे मी फार वेळ बघतो. आणि कुणी हौसेने पिस्तूल घासून लखलखीत केलं असेल तर ही कड सगळ्यात आधी जाते. ती परत आणता येत नाही.

युद्धानंतर ही पिस्तुलं लष्कराच्या आर्सेनलांत दुरुस्तीला गेली. तिथे ती खोलली जात आणि जो चांगला भाग हाताशी असेल तो घालून पुन्हा जुळवली जात. कोल्टच्या फ्रेमवर रेमिंग्टन रँडची स्लाइड येते ती अशी; सोबत कधी ऑगस्टा आर्सेनलचा एए हा शिक्काही असतो. संग्राहक अशा पिस्तुलाला ‘मिसळीचं’ म्हणून नाक मुरडतात, मग कोल्टची स्लाइड शोधून बसवतात आणि भाव वाढवतात. मला हे मनापासून खटकतं. ती जोडी सैन्यानेच लावली होती, सैनिकांनी तशीच वापरली होती. माझ्या नोंदवहीत फ्रेमचा कारखाना, स्लाइडचा कारखाना आणि आर्सेनलचा शिक्का असे तीन वेगळे रकाने आहेत. स्लाइड बदललेली आढळली तर तेही मी शेऱ्यात लिहितो, मालकाला आवडो न आवडो.