लाल टिकली

सराफाच्या पेढीत शिरताना लागत नाही एवढा धीर आम्हा मुलुंडकरांना चित्रांच्या गॅलरीत शिरताना लागतो. माझी भीड चेपली ती ‘गॅलरी केमोल्ड’चे मूळ चौकटींच्या धंद्यात आहे हे कळल्यावर. केकू गांधींनी 1941 साली तो काढला आणि दुकानाच्या काचेमागे आरा, हुसेन यांची चित्रे मांडली. 1963 मध्ये जहांगीरच्या पहिल्या मजल्यावर गॅलरी उघडली. 2007 मध्ये ती प्रेस्कॉट रोडवर गेली. चौकटवाल्याकडे जायला कसली भीती! शिवाय तिकीट नाही.

तिथे एका निळ्या चित्रापुढे ही वीस मिनिटे उभी होती. किंमत ऐकून मला आमचा ब्लॉक आठवला. पुढच्या शनिवारी पुन्हा गेलो, तो चित्राशेजारी लाल टिकली. विकले गेले! आता ते कुणाच्या दिवाणखान्यात जाणार, देव जाणे. मुलुंड येईपर्यंत ही बोलली नाही.