समुद्राकाठचे जुने वरंबे

बटाटा जमिनीत असताना मी आजवर कधी गाव सोडले नव्हते. आमचे सातगाव पठार, तालुका आंबेगाव, जिल्हा पुणे. पावसाळी बटाट्याचा हा मुलूख. ऑगस्टात पीक गुडघ्याएवढे, आभाळ भरलेले, आणि रोज सकाळी पाने उलटी करून बघायची, कुठे करप्याचा काळा ठिपका दिसतो का. अशा दिवसांत रान पोरावर सोडून आम्ही उभयता विमानात बसलो. लेक आणि जावई आयर्लंड देशात किलार्नी गावी असतात. चार वर्षे बोलावीत होती. यंदा तिची आई हटूनच बसली.

ती दोघे कामावर गेली की आम्ही खिडकीत बसून पाऊस बघायचो. चौथ्या दिवशी लेक म्हणाली, "असं बसून काय करता? उद्या डिंगलच्या किनाऱ्याची सहल आहे, तुमची दोन तिकिटं काढलीत." किंमत विचारली तर तिने सांगितली नाही, त्यावरून काय ते समजलो.

तिकडे या सहलींची पद्धत सुटसुटीत आहे. सोळा माणसांची लहान मोटारगाडी, आणि चालवणारा तोच वाटाड्या. तोंडाशी बारीकसा माइक लावून गाडी हाकता हाकता बोलत असतो. सकाळी चौकातून उचलायचे, संध्याकाळी तिथेच आणून सोडायचे, आणि दर मुक्कामावर माणसे मोजून घ्यायची. आचारी नाही, भांडीकुंडी नाहीत. जेवण ज्याचे त्याने पाहावे. आमच्या हिने दशम्या आणि लसणाची चटणी बांधून घेतली होती.

चालक साठीचा असेल. तांबूस चेहरा, डोक्यावर टोपी. चढताना प्रत्येकाला गाव आणि धंदा विचारीत होता. मी शाळेत शिकलेल्या इंग्रजीत सांगितले, "इंडिया. शेती. बटाटा." त्याने माझा हात धरला तो सोडीचना. स्वतःच्या चाळीस मेंढ्या आहेत म्हणाला. मग आम्हाला त्याने आपल्या मागच्याच बाकावर बसवले. पुढे दिवसभर तो बोलायचा सगळ्यांशी आणि मान वळवायची आमच्याकडे. रस्ता अरुंद, एका अंगाला कडा, त्यामुळे आमच्या हिचा जीव टांगणीला.

डिंगल हे जमिनीचे एक लांब बोट आहे, पश्चिमेकडे अटलांटिक समुद्रात घुसलेले. वाटेत इंच नावाची पाच किलोमीटर लांबीची पुळण लागली. मोटारी थेट वाळूवर नेतात. मग डिंगल गाव आणि बंदर. एक डॉल्फिन 1983 सालापासून या बंदरात एकटाच येऊन राहिला होता आणि लोक त्याला बघायला होड्या करून जात. 2020 च्या ऑक्टोबरात तो दिसेनासा झाला. आता त्याचा पुतळा तेवढा आहे. पुतळ्यापाशी सगळ्यांनी फोटो काढले, आम्हीही काढला.

खरा किनारा डिंगलच्या पुढे. त्या वळसा घालणाऱ्या रस्त्याला स्ली हेडचा रस्ता म्हणतात. गाड्यांनी तो घड्याळाच्या काट्याच्या दिशेनेच घ्यायचा असा तिथला रिवाज आहे, कारण समोरासमोर दोन मोठ्या गाड्या आल्या तर एकीला मैलभर मागे जावे लागेल. दोन्ही बाजूंना लाल फुलांची कुंपणे. हे फ्युशियाचे झाड मूळचे दक्षिण अमेरिकेतले, पण इथल्या ओल्या हवेत ते कण्हेरीसारखे माजले आहे. इथल्या भाषेत त्या लोंबत्या फुलांना देवाचे अश्रू म्हणतात. या भागात लोक अजून आयरिश बोलतात आणि रस्त्यावरच्या पाट्याही आयरिशमध्येच. पाऊस वर्षाला पंधराशे मिलिमीटरच्या आसपास. आपल्या घाटमाथ्याच्या मानाने हा काहीच नाही, पण तो बाराही महिने थोडा थोडा पडत असतो. त्यामुळे गवत सरता सरत नाही आणि गाईमेंढ्यांवर संसार चालतो. मेंढ्यांच्या पाठीवर निळ्या-तांबड्या रंगाचे फराटे मारलेले, कोणाची कोणती ते डोंगरावर लांबून कळावे म्हणून. आमच्या हिला ती युक्ती फार आवडली.

आणि दगड! कोकणात गडगे असतात तशा बिनचुन्याच्या दगडी भिंती, तुकड्यातुकड्याला, पार डोंगराच्या गळ्यापर्यंत. एकेक तुकडा आपल्या खळ्याएवढा. रानातला दगड वेचून कुठे टाकायचा, तर भिंत घालायची. आमच्या आजोबांनी ताली घातल्या त्याही अशाच, एकावर एक बसवून, मधे चिखलाचा गोळासुद्धा नाही. मी भिंती बघत होतो, तेवढ्यात चालकाने गाडी हळू केली आणि वरच्या उताराकडे बोट दाखवले. "तुमच्या कामाची गोष्ट," तो म्हणाला.

भिंतींच्याही वर, जिथे आता नुसते गवत आणि नेचे, तिथे उभ्या रेघा दिसत होत्या. उन्हाची तिरीप आली की उमटायच्या, ढग आला की पुसायच्या. मी ओळखले. ते वरंबे होते. बटाट्याचे.

जमीन अशी खडकाळ, की नांगर चालत नाही. तेव्हा खाली समुद्रशेवाळ अंथरायचे, दोन्ही बाजूंनी फावड्याने माती ओढून वर घालायची आणि त्या उंच गादीत बटाटा लावायचा. पाणी बाजूच्या चरातून निघून जाते. शेवाळ किनाऱ्यावरून पाठीवरच्या टोपल्यांतून नाहीतर गाढवावरून चढवायचे. ॲरन बेटांवर तर नुसत्या कातळावर वाळू आणि शेवाळ टाकून माती तयार केली आहे. इतक्या उंचावर बटाटा का लावला? खालची चांगली जमीन जमीनदाराची. तिच्यातले धान्य खंडापायी जायचे. कुटुंबाने खायचा तो बटाटा. लाखो गरिबांचे सकाळचे, दुपारचे, रात्रीचे जेवण तेच, आणि बेणेही मुख्यतः एकाच जातीचे, लंपर नावाच्या.

1845 च्या शरद ऋतूत त्यावर करपा आला. हाच तो, आपण उशिरा येणारा करपा म्हणतो तो. ढगाळ थंड हवा, पानावर काळे ठिपके, दोनचार दिवसांत रान उकडल्यासारखे, आणि काढायला जावे तर जमिनीत कुजका वास. 1846 साली तर जवळजवळ सगळे पीक गेले. पाचसहा वर्षांत सुमारे दहा लाख माणसे भुकेने आणि तापाने मेली आणि त्याहून जास्त जहाजांत बसून परदेशी गेली. 1841 च्या शिरगणतीत त्या बेटावर ब्याऐंशी लाखांच्या आसपास माणसे होती. आज पावणेदोनशे वर्षांनंतरही तेवढी भरलेली नाहीत. आणि त्या वर्षांतही तिथल्या बंदरांतून धान्य, लोणी, गुरे इंग्लंडला जातच होती.

मला माझे लहानपण आठवले. 1972 च्या दुष्काळात मी बारा वर्षांचा होतो. आईबरोबर खडी फोडायला जायचो. सुकडी मिळायची, आणि अमेरिकेहून आलेला तांबडा मिलो. आयर्लंडातही सरकारने दुष्काळी कामे काढली होती. 1847 च्या मार्चात सात लाखांवर माणसे त्या कामांवर होती, रस्ते करीत आणि दगड फोडीत. आणि खायला काय दिले, तर अमेरिकेहून आलेला मका, तो कसा दळावा नि शिजवावा हेही लोकांना माहीत नव्हते. मी हे मोडक्या इंग्रजीत सांगितले. गाडीतले अमेरिकन जोडपे माझ्याकडे टक लावून पाहत राहिले. चालक म्हणाला, "तुम्हाला सांगायची गरज नाही म्हणजे."

या सगळ्यात एक गोष्ट मनाला फार लागते. मोरचूद आणि चुना! द्राक्षावरच्या केवड्यासाठी फ्रान्समध्ये बोर्डो मिश्रण निघाले ते 1885 च्या सुमारास, आणि तेच बटाट्याच्या करप्यालाही चालते असे पुढे कळले. चाळीस वर्षांचा उशीर. तेव्हा तर ही बुरशी आहे हेच बहुतेकांना पटत नव्हते. कोणी हवेला दोष देई, कोणी पापाला. आज तिथे हवामानाच्या बातम्यांत करप्याचा इशारा देतात: अमुक दिवसापासून अमुक भागात हवा करप्याला पोषक, सांभाळा. पाऊस किती पडणार हे आपल्यालाही सांगतात. करप्याचेही असेच घरोघर कळू लागले तर आमच्या पठाराचे किती औषध वाचेल!

पुढे एका शेतात दगडी घरे बघायला उतरलो. मधमाशीच्या पोळ्यासारखी गोल, प्रत्येक थर आत सरकवत नेऊन वर एका दगडाने तोंड बंद केलेले. फाटकात शेतकऱ्याच्या घरचे माणूस बसून दोनचार युरो घेते. पूर्वजांनी शेतात दगड रचले, त्याचे उत्पन्न नातवंडे खातात. हिने विचारले, "आपल्या तालींचं कोण तिकीट देईल का?"

स्ली हेडच्या अलीकडे एक ओढा रस्त्यावरूनच वाहतो. पूल नाही. गाडी पाण्यातून गेली. टोकाला पांढरा क्रूस आहे, आणि खाली कडा. वारा असा, की हिची छत्री उलटी होऊन काड्या बाहेर आल्या. इरले असते तर टिकले असते. लाटा काळ्या खडकावर आपटून वर येतात, त्यांचे तुषार रस्त्यापर्यंत. सगळेजण वा वा करीत होते. देखावा मोठाच होता, पण माझे डोळे पुन्हा पुन्हा मागे डोंगराकडे जात होते.

डनक्विनच्या धक्क्याकडे उतरणारी वाट नागमोडी आहे. समोर समुद्रात बेट, पाठीवर झोपलेल्या जनावरासारखे. ते मोठे ब्लास्केट. किनाऱ्याच्या सर्वांत जवळच्या टोकापासून जेमतेम दोन किलोमीटर, पण मधला समुद्र असा, की आठवडेच्या आठवडे होडी घालता येत नाही. होड्याही कशा, तर लाकडी पट्ट्यांवर डांबर लावलेले कापड ताणलेल्या. तिघेचौघे जण डोक्यावर उलटी घेऊन चालतात. बेटावर दुकान नाही, डॉक्टर नाही, पाद्री नाही. 1916 च्या सुमारास पावणेदोनशेच्या घरात माणसे होती. तरणी पोरे अमेरिकेला जात राहिली, पुष्कळशी एकाच गावी, मॅसेच्युसेट्समधल्या स्प्रिंगफील्डला. 1941 साली शाळा बंद झाली. 1946 च्या नाताळात एक तरुण मुलगा मेंदूच्या तापाने आजारी पडला. वादळामुळे डॉक्टर आणता आला नाही, मुलगा गेला. 1947 च्या वसंतात बेटावरून पंतप्रधान डी व्हॅलेरा यांना तार गेली, की वादळात अडकलो आहोत, खायला काही नाही. शेवटी 1953 च्या नोव्हेंबरात सरकारने उरलेल्या बावीस जणांना इकडे आणायला सुरुवात केली. त्यांना घरे दिली ती इथेच, डनक्विनला. दारात उभे राहिले की आपले बेट समोर.

एवढ्याशा बेटाने पुस्तके दिली. टोमास ओ क्रिहन या मच्छीमार-शेतकऱ्याचे आत्मचरित्र 1929 साली छापले गेले. पेग सेयर्स नावाच्या बाईने आपले आयुष्य तोंडाने सांगितले, तिच्या मुलाने लिहून घेतले, आणि 1936 साली पुस्तक निघाले. हे ऐकून आमच्या हिने माझा हात दाबला. "बहिणाबाईच की हो!" खरेच. इकडे सोपानदेवांनी आईची गाणी जमवली, 1952 साली ती छापली, तशीच गोष्ट. मी चालकाला बहिणाबाई समजावून सांगू लागलो, पण माझी इंग्रजी तिथे अपुरी पडली. एवढेच म्हणालो, "आमच्याकडेही एक शेतकरीण होती. लिहिता येत नव्हतं. मुलानं लिहिलं." त्याने टोपी काढली.

मग तो धक्क्याच्या कठड्याला टेकला आणि विचारले, "तुम्ही इथे आहात, मग तुमचे बटाटे कोण बघतंय?"

"मुलगा."

"एकच?"

"एकच. तोही म्हणतो, पुण्याला जातो. एका सालाला बाजार पडला की उठतो आणि म्हणतो."

तो काही बोलला नाही. त्याची तिन्ही मुले ऑस्ट्रेलियात आहेत, हे त्याने मागाहून गाडीत सांगितले. मेंढ्या पुढे कोण बघणार? खांदे उडवून त्याने गिअर बदलला.

शेवटी गॅलरसचे दगडी प्रार्थनामंदिर. उलटी घातलेल्या नावेसारखे, हजार वर्षांच्या आसपासचे समजतात. चुन्याचा लेप नाही, तरी बाहेर पाऊस धो धो आणि आत जमीन कोरडी. सगळे सोळाजण आत दाटीवाटीने उभे राहिलो. दशम्या तिथेच संपवल्या. जर्मन मुलींनी चटणी मागून घेतली आणि डोळ्यांतून पाणी काढीत खाल्ली.

परत आलो तेव्हा संध्याकाळचे सहा वाजून गेले होते. आपल्याकडे रात्रीचे साडेदहा. एरवी त्या वेळी पोरगा झोपलेला असतो, तरी मी फोन लावला. पहिल्याच घंटीला त्याने उचलला.

"चार दिवस झाकोळ आहे," तो म्हणाला. "खालच्या वावरात बांधाकडेला दोन झाडांवर ठिपके दिसले. उपटून पुरली. आज दुपारी उघडीप मिळाली, फवारा मारून घेतला."

"बोर्डो?"

"हो. मोरचूद आपल्याकडे होतंच. चुना मामाकडून आणला."

"वरच्या वावरात?"

"उद्या सकाळी. दव उतरलं की." मग थोडा थांबून म्हणाला, "तुम्ही काय बघितलं आज?"

"बटाट्याची रानं," मी म्हणालो. हिने फोन माझ्या हातातून काढून घेतला आणि समुद्राचे सांगायला सुरुवात केली.