डेल्कोचें झांकण

मोटार कशावर चालते, असें कोणत्याहि मुलास विचारलें तर तो चटकन "पेट्रोलवर" असें सांगेल. उत्तर खोटें नाहीं, पण अर्धेंच आहे. चुलींत नुसतीं लांकडें रचून ठेवल्यानें भात शिजत नाहीं, विस्तव लागतो. पेट्रोलच्या इंजिनांत हा विस्तव म्हणजे एक इवलीशी ठिणगी. ती कोणत्या क्षणीं व कोणत्या सिलिंडरांत पडावी, याची सर्व व्यवस्था जुन्या मोटारींत मुठीएवढ्या एका उपकरणाकडे असे. पुस्तकांत त्यास डिस्ट्रिब्यूटर म्हणतात. आमचे मिस्त्री मात्र त्यास "डेल्को" या नांवानेंच ओळखतात. या नांवाचा उगम मोठा गमतीचा आहे. अमेरिकेंतील डेटन शहरीं चार्ल्स केटरिंग या इंजिनिअरनें एका सहकाऱ्यासह १९०९ सालीं एक कंपनी काढली. तिच्या लांबलचक इंग्रजी नांवांतील अक्षरें जोडून डेल्को हा शब्द झाला. १९१२ सालच्या कॅडिलॅक मोटारीस विजेचा स्टार्टर, दिवे आणि ठिणगी यांची एकत्र योजना याच कंपनीनें करून दिली. कंपनी राहिली साता समुद्रांपलीकडे, आणि तिचें नांव चिपळुणांतील एका मिस्त्रीच्या तोंडीं कायमचें बसलें!

या उपकरणाचें काम समजून घेतल्यावांचून पुढील हकीकत कळावयाची नाहीं, म्हणून तें थोडक्यांत सांगतों. मोटारीची बॅटरी असते १२ व्होल्टची. एवढ्याशा दाबानें प्लगच्या दोन टोकांमधील फट ओलांडून ठिणगी पडणें शक्य नाहीं. म्हणून वीज प्रथम कॉइलमध्यें जाते. कॉइलमध्यें जाड तारेचे कांहीं शें वेढे व बारीक तारेचे कित्येक हजार वेढे एकाच लोखंडी गाभ्याभोंवतीं असतात. जाड तारेंतील प्रवाह एकाएकीं तोडला म्हणजे गाभ्यांतील चुंबकत्व कोसळतें, आणि बारीक तारेंत क्षणभर दहा-वीस हजार व्होल्टचा दाब उत्पन्न होतो. फॅरडेनें १८३१ सालीं जो नियम शोधून काढला, त्याचाच हा खेळ. प्रवाह तोडण्याचें काम डेल्कोंतील दोन लहान टिकल्या करितात. त्यांस सीबी पॉइंट म्हणतात. दांडा फिरतो, त्यावरील उंचवटा एक टिकली ढकलतो, पॉइंट उघडतात, आणि ठिणगी तयार होते. उघडतांना टिकल्यांच्या मधेंच वीज जळूं नये म्हणून शेजारीं कंडेन्सर बसविलेला असतो.

ठिणगी तयार झाली. आतां ती वाढावयाची कोणास? पंगतींत वाढपी जसा पानापानावरून फिरतो, तसा डेल्कोच्या माथ्यावरील रोटर झांकणाच्या आंतील चार पितळी टोकांवरून फिरतो. मात्र हा वाढपी इंजिनांतील ओळ पाळीत नाहीं. पहिला, तिसरा, चौथा, दुसरा असा त्याचा क्रम. आमच्या गाडीप्रमाणें पुष्कळशा चार सिलिंडरांच्या गाड्यांत हाच असतो. इंजिन मिनिटास ३००० फेरे घेत असेल तर रोटर १५०० घेतो, आणि प्रत्येक फेऱ्यांत चार ठिणग्या वाढतो. हिशेब करून पाहा: सेकंदास १०० ठिणग्या होतात.

आमच्या घरीं कुर्ल्याच्या कारखान्यांत बनलेली १९८८ सालची एक प्रीमियर पद्मिनी आहे. ती अण्णांची, म्हणजे माझ्या वडिलांची. खासगी मोटारीची नोंदणी १५ वर्षांची असते. पुढें दर ५ वर्षांनीं तपासणी करून ती वाढवून घ्यावी लागते. आमच्या गाडीची मुदत २०२३ सालच्या ऑगस्टअखेर संपत होती, आणि जुलैपासून गाडीनें असें कांहीं आरंभिलें होतें कीं ती तपासणीच्या दारापर्यंत तरी पोंचेल कीं नाहीं याची शंका होती. पावसाळी सकाळीं ती महत्प्रयासानें सुरू होई व सुरू झाल्यावर लंगडूं लागे. मिस्त्री लोक याला "मिसिंग मारणें" म्हणतात. अण्णांना डोळे दाखविण्यास कऱ्हाडास नेत असतां कुंभार्ली घाटांत तिनें असे हिसके दिले कीं आम्ही अर्ध्या वाटेवरून परत फिरलों. दुपारीं ऊन पडलें म्हणजे मात्र हीच गाडी शहाण्या मुलासारखी चाले!

दोन गॅरेजांतून उपचार झाले. एकानें चारी प्लग बदलले आणि कार्ब्युरेटर धुतला. दुसऱ्यानें बॅटरी बदलली, मग कॉइल बदलली, आणि शेवटीं "इंजिन उतरलें आहे" असा निकाल दिला. माझ्या थोरल्या भावानें हिशेब मांडला. नोंदणी वाढविण्याचें शुल्क ५,००० रुपये, वर पर्यावरण कर, आणि इंजिन उघडावयाचें तर त्याचा खर्च निराळा. "दादानें भंगारवाल्याशीं बोलणें केलें आहे," असें वहिनींनीं मला हळूच सांगितलें. दादाचें चुकत होतें असें मी म्हणणार नाहीं. घाटांत भर पावसांत दृष्टि अधू झालेल्या वडिलांना घेऊन बंद गाडींत बसण्याचा प्रसंग त्यानेंच सोसला होता. अण्णा यावर कांहीं बोलले नाहींत. फक्त त्या दिवसापासून त्यांनीं गाडीची किल्ली खुंटीवरून काढून आपल्या उशाशीं ठेविली.

तेव्हां मी आमच्या जुन्या मिस्त्रींकडे गेलों. त्यांनीं दुकान बंद करून दोन वर्षें झालीं होतीं. अधिक श्रावणांतल्या एका ओल्या सकाळीं ते पक्कड, एक लहान बल्ब व पानें घेऊन आमच्या अंगणांत आले. त्यांनीं बॉनेट उघडलें. कशास हात लावला नाहीं. अण्णांना खुर्ची आणावयास सांगितली आणि म्हणाले, "मास्तर, तुम्ही ऐका. मी एकेक काढतों."

रबरी मुठीच्या पक्कडीनें त्यांनीं चालत्या इंजिनावर पहिल्या प्लगची तार क्षणभर काढली. इंजिन अडखळलें. तार परत बसविली. दुसऱ्याची काढली, पुन्हां अडखळलें. तिसऱ्याचेंहि तसेंच झालें. चौथ्याची काढली, आणि कांहींच फरक पडला नाहीं. "चौथा धरत नाहीं," अण्णा डोळे मिटूनच म्हणाले. जो कामच करीत नाहीं त्याची रजा कोणास जाणवणार?

(विद्यार्थिमित्रांनो, हा प्रयोग तुम्हीं स्वतः करूं नये. त्या तारेंतील धक्का जबर असतो, आणि शेजारीं पंखा गरगर फिरत असतो.)

आतां जें झालें तें मला फार आवडलें, कारण त्यांत एक पैचाहि खर्च नव्हता. मिस्त्रींनीं चौथा प्लग काढून पहिल्याच्या जागीं घातला व पहिला चौथ्याच्या. दोष प्लगांत असता तर तो प्लगाबरोबर पहिल्या सिलिंडरांत गेला असता. तो गेला नाहीं. चौथाच मुका राहिला. मग तारांची अदलाबदल केली. तरीहि चौथाच. माझी पुतणी आठवींत आहे; ती पायरीवर बसून हें सारें पाहत होती. ती म्हणाली, "काका, कॉइल तर चौघांना मिळून एकच आहे ना? मग ती बिघडली असती तर चौघेहि रुसले असते." मिस्त्रींनीं तिच्याकडे वळून पाहिलें, आणि पुढील सर्व काम तिला जवळ उभी करूनच केलें.

राहिली इंजिनाची शंका. चौथ्या सिलिंडरची झडप जळली असती किंवा रिंगा झिजल्या असत्या, तर तो सिलिंडर दुपारींहि मेलेलाच राहिला असता. ऊन पडल्यानें झडप बरी होत नाहीं. जो दोष ओल्या हवेनें येतो व कोरड्या हवेनें जातो तो बहुधा विजेचाच असतो. असें एकेक पाऊल मागें येत येत संशय एका वस्तूवर येऊन ठेपला, ती म्हणजे डेल्कोचें झांकण.

त्याचा पुरावा रात्रीं मिळाला. अंगणांतला दिवा मालवून इंजिन सुरू ठेविलें, आणि इस्त्रीच्या वेळीं कपड्यांवर पाणी मारण्याची जी फवारणी असते तिनें मिस्त्रींनीं झांकणावर अगदीं बारीक तुषार सोडले. लगेच चौथ्या तारेच्या बुडापासून झांकण दाबून धरणाऱ्या पोलादी क्लिपेपर्यंत निळसर उजेडाचा एक धागा वळवळत उतरला, आणि त्याच क्षणीं इंजिन लंगडूं लागलें. दादा दारांत उभा होता. तो पायऱ्या उतरून खालीं आला.

सकाळीं झांकण काढून भिंगाखालीं धरलें. पुतणीलाच तें प्रथम दिसलें: शिसपेन्सिलीनें हलकी रेघ ओढावी तशी एक करडी रेघ. अशीं जुनीं झांकणें बेकेलाइटचीं असतात. हा पदार्थ लिओ बेकलंड यानें १९०७ सालीं शोधून काढला. तो वीज वाहून नेत नाहीं व उष्णतेनें वितळत नाहीं, म्हणूनच त्याची येथें योजना झाली. परंतु ओल व धूळ यांच्या वाटेनें ठिणगी एकदां पृष्ठावरून सरपटली कीं तेथील बेकेलाइट जळून त्याचा कोळसा होतो, आणि कोळशांतून तर वीज जाते. मग पुढची ठिणगी त्याच पाऊलवाटेनें जाते व ती अधिक मळवते. घाटांत हिसके कां बसत, याचाहि उलगडा येथें होतो. चढावर पाय दाबला म्हणजे सिलिंडरांत अधिक मिश्रण शिरतें व दाब वाढतो. दाबलेल्या मिश्रणांतून उडी मारणें ठिणगीला जड जातें. शेजारीं सोपी पळवाट असतां ती अवघड उडी कां मारील? सपाटीवर तीच ठिणगी मुकाट्यानें आपलें काम करी.

मिस्त्रींनीं ती रेघ चाकूच्या टोंकानें खरवडून काढली आणि खांचेंत वहिनींच्या नखांना लावावयाच्या रंगाचा एक हात दिला. "हें नवें झांकण येईपर्यंतच," असें त्यांनीं बजावलें.

झांकण उघडलेंच होतें म्हणून त्यांनीं पॉइंटहि पाहिले. एका टिकलीवर खळगा पडला होता व दुसरीवर तेवढाच उंचवटा चढला होता. शिवाय उंचवट्यावर घासणारी फायबरची टांच झिजून पॉइंटांमधील फट अगदीं कमी झाली होती. फट कमी झाली कीं पॉइंट उशिरा उघडतात आणि ठिणगी उशिरा पडते. गाडी चालते, पण ओढीत नाहीं. गेलीं दोन वर्षें गाडी "म्हातारी झाली" असें आम्ही म्हणत होतों, तें म्हातारपण एवढ्या टांचेचें होतें! नवे पॉइंट बसवून फिलर गेजनें फट सुमारें ०.४५ मिलिमीटर ठेविली. मग बल्बचें एक टोंक कॉइलच्या डेल्कोकडील टोंकास व दुसरें इंजिनाच्या अंगास लावून, इंजिन हातानें हळूहळू फिरवीत त्यांनीं डेल्को किंचित् वळविला. पॉइंट मिटलेले असतां बल्ब विझलेला, उघडतांच पेटतो. ही पेटण्याची वेळ आणि इंजिनावरील खूण यांची गांठ पडली कीं टायमिंग बसलें. पुतणीनें "पेटला!" म्हणून सांगावयाचें व मिस्त्रींनीं बोल्ट आवळावयाचा, अशी कामाची वांटणी होती.

नव्या झांकणासाठीं दादा स्वतः मुंबईस गेला. कुर्ल्यांतील जुन्या सुट्या भागांच्या दुकानांतून तो अर्धा दिवस हिंडला. पहिल्या दुकानींचें झांकण हुबेहुब दिसे, पण त्याची खांच डेल्कोच्या दांत्यावर बसेना. त्यानें जुनें झांकण बरोबर नेलें होतें म्हणून हें तेथेंच उमगलें. पद्मिनीची निर्मिती थांबून वीसांहून अधिक वर्षें झालीं होतीं. ज्या टॅक्सींच्या जिवावर हे भाग दुकानांत टिकून होते, त्यांतील शेवटच्या टॅक्सीचीहि वीस वर्षांची मुदत त्याच ऑक्टोबरांत भरत होती. ३० ऑक्टोबर २०२३ पासून मुंबईंत पद्मिनी टॅक्सी राहिली नाहीं. दुकानदारानें दादाला हें सांगितलें तेव्हां त्यानें एकाच्या जागीं दोन झांकणें घेतलीं.

ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यांत तपासणी झाली व नोंदणी पांच वर्षांनीं वाढली. त्यानंतरच्या रविवारीं पाऊस कोसळत असतां दादानेंच गाडी कुंभार्ली घाटांत घातली. अण्णा पुढें बसले होते, आणि सबंध चढभर कोणीं बोललेलें त्यांना खपलें नाहीं. दुसरें झांकण मेणकागदांत गुंडाळून डॅशबोर्डच्या कप्प्यांत ठेविलें आहे. जुनें पुतणीनें मागून घेतलें. त्यांतील तो खळगा शोधून काढावयास ती येणाऱ्या-जाणाऱ्याच्या हातीं भिंग देते, आणि मिस्त्रींखेरीज आजवर कोणासहि तो पहिल्या खेपेस सांपडलेला नाहीं.