हास्यास्पद चालींचे खाते

सोलापुरातील एका सरकारी कचेरीत बारनिशी, टिपणे आणि मंजुरीचे कागद हाताळण्यात ज्याची वीस वर्षे सरली होती, अशा माझ्यासारख्या अव्वल कारकुनाला विलायती विनोदात स्वतःचेच मेज दिसावे, हा योग १९८६ च्या उन्हाळ्यात आला. इंग्लंडहून सुट्टीसाठी आलेल्या भाच्याने एक व्हिडिओ कॅसेट आणली होती. उभय देशांची रंगीत प्रक्षेपणाची ‘पाल’ पद्धती एकच असल्यामुळे शेजाऱ्यांच्या यंत्रावर ती विनासायास चालली.

बीबीसीने १९६९ ते १९७४ या काळात दाखविलेल्या ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’मधील ती प्रहसने होती. बरेचसे उच्चार निसटत होते, आणि एक प्रहसन शेवटास न जाताच दुसऱ्यात शिरत होते. मग १९७० सालचे एक प्रहसन आले आणि मी सावरून बसलो. जॉन क्लीझ हा उंच नट, डोक्यावर गोल टोपी आणि हाती पेटी, लांब तंगड्या वाटेल तशा फेकीत आपल्या कचेरीत येतो. हास्यास्पद चालींच्या सरकारी खात्याचा तो मंत्री. समोर अर्जदार मायकेल पेलिन. आपली चाल अद्याप पुरेशी हास्यास्पद नाही, ती सुधारण्यास अनुदान मिळावे, एवढीच त्याची विनंती. मंत्री चाल तपासतो, आणि संरक्षण, आरोग्य, शिक्षण यांच्या बरोबरीने आपल्या खात्यास तरतूद मिळत नाही, हे अत्यंत गांभीर्याने सांगतो. कॉफी आणणारी बाईही तशीच चालत येते, त्यामुळे कॉफी सांडते. घरातली मंडळी त्या पायांना हसत होती. मी त्या भाषेपाशी थबकलो, कारण ती माझी रोजची भाषा होती.

सत्तेला हसणे आम्हांस नवे नव्हते. सोलापुरातच जन्मलेल्या वसंत सबनीसांचे ‘विच्छा माझी पुरी करा’ आणि त्यातले दादा कोंडके आम्ही डोळे भरून पाहिले होते. परंतु तेथे राजाचा मूर्खपणा पहिल्यापासून उघड असतो. क्लीझच्या कचेरीत कोणीच मूर्ख ठरत नाही. दोघेही सभ्य, दोघेही नियमाने बोलणारे, आणि म्हणूनच ते प्रहसन मला अधिक खोल वाटते.

एका वृद्ध विणकराच्या अर्जावर, त्याची हकीकत पुरती न वाचताच, ‘तरतूद शिल्लक नाही, सबब दप्तरी दाखल’ असा शेरा मी दोन महिन्यांपूर्वी लिहिला होता. कॅसेट पाहिल्याच्या दुसऱ्या दिवशी ती मिसल काढून मी पहिल्यापासून वाचली, नवे टिपण लिहिले आणि साहेबांच्या मेजावर स्वतः नेऊन ठेवली.