दह्या-दाण्याच्या रश्श्यातली भेंडी

भेंडी घेताना शेंडा मोडून बघायचा, हे मला सासूबाईंनी शिकवलं. कट्कन तुटली तर कोवळी, नुसतीच वाकली तर जून. भाजीवाल्या मावशी ओरडतात, "ताई, मोडू नका हो, सगळी कोवळीच आहे." तरी मोडावीच, कारण जून भेंडीचा चोथा रश्श्यात लपत नाही.

दाट रश्श्यातली भेंडी म्हटलं की हल्ली लोकांना हॉटेलातली क्रीम घातलेली भाजी आठवते. घरी क्रीमची काहीच गरज नाही. घट्ट दही आणि भाजलेले दाणे असले की पुष्कळ झालं. अट एकच: भेंडी आणि रस्सा वेगवेगळे शिजवायचे, आणि त्यांची गाठ अगदी शेवटी घालून द्यायची.

भेंडी धुवायची ती चिरण्याआधी. मग कापडावर पसरून एकेक पुसून घ्यायची. भेंडीतला चिकट द्रव पाणी मिळालं की फुगतो आणि तार सुटते. म्हणूनच पसरट कढईत, बोटभर लांब तुकडे, झाकण न ठेवता परतायचे. मी मीठ काढायला हात पुढे केला की सासूबाई म्हणायच्या, "अगं, मीठ आत्ता नको, पाणी सुटेल." आठ-दहा मिनिटांत तुकड्यांच्या कडा तपकिरी होतात, उलथन्याला लागणारे धागे तुटतात आणि भेंडी कढईत मोकळी खुळखुळायला लागते. तेव्हा ती ताटात काढून ठेवायची.

हा चिकटपणा काही नुसता उपद्रवी नाही. कोल्हापूरकडच्या गुऱ्हाळांत भेंडीची झाडं ठेचून पाण्यात कुस्करतात आणि ते बुळबुळीत पाणी काहिलीतल्या उसाच्या रसात ओततात. रसातला मळ त्याला धरून वर येतो, मळी काढून टाकली की गूळ स्वच्छ होतो. अमेरिकेत लुइझियानातले लोक तर गंबो नावाचं कालवण याच चिकाने मुद्दाम दाट करतात. आपल्याला मात्र इथे दाटपणा दह्या-दाण्याचा हवा आहे.

पाव किलो भेंडीला वाटीभर दही पुरतं. ते फार आंबट नको. त्यात चमचाभर बेसन घालून गुठळी न राहता घुसळायचं. नुसतं दही तापलं की त्यातली प्रथिनं आकसून गोळा होतात, पाणी वेगळं होतं आणि दही फुटतं; बेसन त्यांना सांभाळून घेतं. मूठभर दाणे भाजून, सालं पाखडून, थोड्या पाण्यात गंधासारखे वाटायचे. फोडणीत मोहरी, जिरं, हिंग, मग बारीक चिरलेला कांदा आणि आलं-लसूण. कांदा गुलाबी झाला की हळद, तिखट, धनेपूड आणि वाटलेले दाणे. दाण्यांना तेल सुटू लागलं की आच अगदी मंद करून दही ओतायचं आणि पहिली उकळी फुटेपर्यंत ढवळणं थांबवायचं नाही. हीच वेळ मला या भाजीत सगळ्यात आवडते: पांढरट रस्सा हळूहळू केशरी होतो आणि पळीच्या पाठीवर त्याचा जाड थर बसतो.

आता भेंडी आणि मीठ. तीन-चार मिनिटं, बस्स. दह्याच्या आंबटपणामुळे उरलासुरला चिकटपणाही कमी होतो. ताकातली भेंडी किंवा चिंच-गुळाची भेंडी करणाऱ्या आपल्या आज्यांना हे पक्कं ठाऊक होतं.

मंडईत मी 'परभणी क्रांती' आहे का, असं आवर्जून विचारते. पांढऱ्या माशीमुळे पसरणाऱ्या हळद्या रोगाने भेंडीची पिकंच्या पिकं पिवळी पडत. पूर्वी सर्रास लावली जाणारी 'पुसा सावनी' जातही या रोगापुढे टिकेना, तेव्हा परभणीच्या कृषी विद्यापीठाने तिचा रानटी जातीशी संकर करून हे वाण काढलं. त्या कामाचं मोल स्वयंपाकघरात क्वचितच कुणी मोजतं.

ही भाजी उरवू नका. रश्श्यात रात्रभर राहिलेली भेंडी पुन्हा तार सोडते. पुरेल एवढीच करा आणि ज्वारीची भाकरी तव्यावरून उतरली की लगेच वाढा.