अब्बांची काठी

आमच्या गावच्या घरात पडवीच्या दाराआड एक काठी असायची. सापासाठीच. मी सात-आठ वर्षांचा असताना अब्बांनी तिने एक लांबलचक धामण मारली. धामण बिनविषारी, उंदरांवर जगणारी. घरात हे कोणाला माहीत नव्हतं, आणि असतं तरी काठी थांबली असती असं नाही. साप मारला की सवाब मिळतो, हे मोहल्ल्यात सगळ्यांना पाठ. घरात दिसलेल्या सापाला आधी तीन दिवस ताकीद द्या, असंही हदीसमध्ये आहे. ते मला फार उशिरा एका मौलानांनी सांगितलं.

सापाकडे मी नीट पाहिलं ते रॉम्युलस व्हिटेकर यांच्यामुळे. १९४३ साली न्यूयॉर्कमध्ये जन्मलेला हा माणूस लहानपणीच भारतात आला आणि इथलाच झाला. नागराजावरच्या त्यांच्या ‘द किंग अँड आय’ या माहितीपटाला १९९८ साली एमी पुरस्कार मिळाला. नागराजाची मादी पालापाचोळा ओढून घरटं रचते आणि अंड्यांची राखण करते. हे कळल्यावर मला ती धामण आठवली. १९७६ साली मद्रासजवळ त्यांनी मगरींसाठी क्रोकोडाइल बँक सुरू केली. त्या कामात सोबत असलेल्या त्यांच्या तेव्हाच्या पत्नी झाई या मुंबईचे पक्षीअभ्यासक जफर फतेहअली यांच्या कन्या. आपल्यातल्या किती जणांना हे ठाऊक असेल?

मला मात्र त्यांच्या फिल्मपेक्षा इरुळांचं काम मोठं वाटतं. तमिळनाडूतले इरुळा कातड्यासाठी साप पकडायचे. सत्तरच्या दशकात कायद्याने तो धंदा बंद झाला आणि त्यांची चूल विझायची वेळ आली. व्हिटेकरांच्या पुढाकाराने १९७८ साली त्यांची सहकारी संस्था उभी राहिली. तेच हात, तेच कसब; पण आता नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं पकडून काही आठवडे ठेवायचे, विष काढायचं आणि पुन्हा रानात सोडायचं. ते विष थोडं थोडं घोड्यांना टोचतात आणि त्यांच्या रक्तातून सर्पदंशावरची लस तयार होते. देशातल्या लशीसाठी लागणारं बहुतेक विष वर्षानुवर्षं या संस्थेतूनच आलं. भारतात सर्पदंशाने वर्षाला सुमारे ५८ हजार माणसं मरतात, असा २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाचा अंदाज आहे.

अब्बाही त्यात गेले असते. गवत कापताना त्यांच्या बोटाला फुरसं चावलं. तालुक्याच्या दवाखान्यात डॉक्टरांनी काचेच्या नळीत रक्त घेऊन २० मिनिटं ठेवलं. ते गोठलंच नाही. हिरड्यांतूनही रक्त यायला लागलं होतं. अम्मी बाकड्यावर तसबीह घेऊन बसली होती. लशीच्या बाटल्या एकामागून एक चढल्या. तिसऱ्या दिवशी अब्बांनी चहा मागितला.

घरी आल्यावर मी त्यांना इरुळांबद्दल सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “विष काढून परत सोडून देतात?”

“हो.”

“येडेच आहेत.”

पुढच्या पावसाळ्यात एका रात्री पडवीत काहीतरी सळसळलं. अब्बांनी सवयीने दाराआड हात घातला, काठी घेतली आणि तिथेच उभे राहिले.

“बॅटरी आण रे,” ते म्हणाले, “आधी बघू, आहे कोण.”