डालडा १३ आणि बारा फोटोंचा रोल

पालम विमानतळावर जवाहरलाल नेहरू कुणाची तरी वाट बघत उभे आहेत. शेजारी एक इंग्रजी पाटी आहे: इथे फोटो काढायला सक्त मनाई आहे. आणि पंतप्रधानांचा त्या पाटीसकट फोटो निघाला आहे! काढणाऱ्या बाईंचं नाव होमाई व्यारावाला. त्याच विमानतळावर बहिणीला, विजयालक्ष्मी पंडितांना, कडकडून भेटणारे नेहरूही त्यांनी टिपले. आज हे फोटो बघताना नेहरूंच्या चेहऱ्याआधी मनात येतं ते हे की, बाईंना कुणी हटकलं कसं नाही? पंतप्रधानाच्या इतक्या जवळ कॅमेरा घेऊन उभं राहायचं, तेही नियमाची पाटी चौकटीत घेऊन, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा हजर व्हायचं. तेव्हा हे चालत होतं.

होमाईंचा जन्म १९१३ सालचा, नवसारीचा. वडील पारशी-उर्दू नाटक कंपनीत नट, त्यामुळे बिऱ्हाड पाठीवर. पण घडल्या त्या मुंबईत. शिक्षण जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये झालं आणि कॅमेरा हातात आला तो माणेकशा व्यारावालांमुळे. हे गृहस्थ ‘टाइम्स ऑफ इंडिया’मध्ये हिशेबनीस होते आणि फोटोग्राफीचे नादिष्ट. पुढे दोघांचं लग्न झालं. पहिली कमाई झाली बायकांच्या एका सहलीच्या फोटोंची. ते ‘बॉम्बे क्रॉनिकल’मध्ये छापून आले आणि एका फोटोला एक रुपया मिळाला. मग ‘इलस्ट्रेटेड वीकली’चं दार उघडलं. जे. जे.तल्या मैत्रिणी, मुंबईचे रस्ते, महायुद्धाच्या धामधुमीतलं शहर असे कितीतरी विषय त्यांनी ‘वीकली’साठी टिपले. १९४२ मध्ये ब्रिटिश माहिती खात्याच्या नोकरीसाठी दोघं दिल्लीला गेले, आणि पुढची जवळजवळ तीस वर्षं दिल्लीत जे जे घडलं, त्यातलं बरंचसं या बाईंच्या भिंगातून गेलं. फाळणीच्या ठरावावर हात वर करणारे काँग्रेसचे नेते, लाल किल्ल्यावर चढलेला तिरंगा, गांधीजींची अंत्ययात्रा. १९५६ मध्ये तरुण दलाई लामा नथुला खिंडीतून सिक्कीममध्ये उतरले, तेव्हाही त्या तिथे होत्या.

आता ते काम कसं चालायचं ते बघा. स्पीड ग्राफिक नावाचं कॅमेऱ्याचं एक धूड असायचं. त्याच्या पाठीत फिल्मचा होल्डर सरकवायचा. होल्डरला दोन बाजू, म्हणजे दोन फोटो. आतली पट्टी ओढून काढायची, शटर चढवायचं, अंतर जुळवायचं, बटण दाबायचं. फट्! फ्लॅशचा दिवा उडायचा. तो एकदाच लागणारा. तापलेला बल्ब काढून दुसरा बसवायचा, पट्टी परत घालायची, होल्डर उलटा करायचा आणि मग दुसरा फोटो. एवढ्या वेळात नेता गाडीत बसून निघूनही जायचा. रोलिफ्लेक्स त्या मानाने सुटसुटीत, पण त्याच्या रोलवर फोटो बारा. शिवाय त्यात वरून, मान खाली घालून बघायचं, आणि काचेवर दिसणारं चित्र डावं-उजवं उलटं. माणूस डावीकडे सरकला की चित्रात उजवीकडे जायचा. हे सगळं साडी नेसून, सामान लादून, दिल्लीच्या उन्हात सायकलवर फिरून केलेलं काम. घरी आलं की डार्करूम: लाल दिवा, डेव्हलपरचा ट्रे, हायपोचा वास. बारापैकी चांगला किती आला, हे रोल धुतल्याशिवाय कळायची सोय नव्हती.

आमच्या पिढीला या जगाचं शेपूट तेवढं हाती लागलं. आमचा रोल छत्तीसचा. सदतिसावा फोटो निघाला तर घरात आनंदीआनंद. लग्नाला गेलेला रोल धुवायला टाकायचा आणि दुकानदाराने ‘बुधवारी या’ म्हटलं की बुधवारपर्यंत जीव टांगणीला. वाचनालयात ‘वीकली’चा अंक यायचा, त्याच्या तपकिरी छटेच्या ग्रॅव्ह्युअर छपाईचा वास नाकात बसलेला. इंग्रजी अर्धंमुर्धं कळायचं, पण फोटो कुणाला समजावून सांगावे लागत नसत. पानभर एकच फोटो, खाली दोन ओळी. त्या पानावर माणूस रेंगाळायचा. बरं, तो अंक पुढे न्हाव्याच्या दुकानात जायचा, तिथून रद्दीत, रद्दीतून वाण्याकडे पुडीला. एका फोटोला केवढं आयुष्य असायचं!

अमेरिकेतलं ‘लाइफ’ साप्ताहिक १९७२ च्या अखेरीस बंद पडलं, ‘इलस्ट्रेटेड वीकली’ १९९३ मध्ये. टीव्ही आला, जाहिराती तिकडे गेल्या. छायाचित्रकाराला दोन-दोन महिने एका विषयामागे पाठवणारी मासिकं आणि साप्ताहिकं गेली, ती परत आली नाहीत. मला विचाराल तर खरं नुकसान हे. फिल्म गेली याचं मला काडीचंही दुःख नाही. हायपोचा वास आठवणीतच बरा. ज्यांची बोटं त्यात बुडायची त्यांना विचारा.

आणि जुनं ते सगळं सोनं, असंही नाही. होमाईंचे सुरुवातीचे फोटो ‘वीकली’त छापून आले ते नवऱ्याच्या नावाने. कॅमेरा तिचा, घाम तिचा, नाव त्याचं; बाईच्या नावाने फोटो छापायची तेव्हा रीतच नव्हती. पुढे त्यांनी स्वतःसाठी टोपणनाव घेतलं ‘डालडा १३’. जन्म तेरा सालचा, माणेकशा भेटले ते तेराव्या वर्षी आणि गाडीचा नंबर डी. एल. डी. १३. तुपाच्या डब्याचं नाव घेणारी ही बाई मिश्कील होती, यात शंका नाही. बाईच्या हातातला कॅमेरा म्हणजे हौस किंवा मिरवणं, असं लोक समजत, आणि म्हणून कुणी अडवत नसे, असं त्यांनी स्वतःच पुढे सांगितलं आहे. लोकांच्या या गैरसमजाचा त्यांनी पुरेपूर फायदा उठवला. आज एखादी मुलगी कॅमेरा गळ्यात अडकवून मोर्चात शिरते, तिचा फोटो पहिल्या पानावर येतो आणि खाली तिचंच नाव असतं. हे तेव्हापेक्षा शंभर पटींनी चांगलं आहे, आणि स्मरणरंजनाच्या भरात ते विसरून चालणार नाही.

एक चुटपुट मात्र होमाईंना जन्मभर लागून राहिली. गांधीजींची हत्या झाली त्या संध्याकाळी त्या प्रार्थनासभेला निघाल्या होत्या. माणेकशांनी ‘उद्या दोघं मिळून जाऊ’ म्हणून परत बोलावलं. योगायोग बघा, मार्गारेट बर्क-व्हाइट आणि आंरी कार्तिए-ब्रेसाँ हे जगातले दोन नामांकित छायाचित्रकार त्याच दिवशी गांधीजींना भेटून गेले होते. प्रत्यक्ष हत्येचा फोटो त्यांच्यापैकीही कुणाकडे नाही. आज अशा सभेत हजार मोबाइल वर झालेले असतात. प्रसंग कुणाच्याच हातून निसटत नाही. पण हजार चित्रफितींतला एक फोटो पन्नास वर्षांनी कुणी भिंतीवर लावेल का, याची मला शंका आहे.

१९६९ मध्ये माणेकशा गेले आणि १९७० मध्ये होमाईंनी कॅमेरा खाली ठेवला. ठेवला तो ठेवला. नव्या छायाचित्रकारांची धक्काबुक्की त्यांना रुचेना. त्यांच्या वेळी फोटो काढणाऱ्यांमध्ये एक अदब होती, कपड्यांचासुद्धा शिरस्ता होता. नेत्याचा बेसावध क्षण हाती लागला तरी त्याची फजिती होईल असं काही छापायचं नाही, हा अलिखित नियम. आजच्या वाचकाला हे पटणार नाही. सत्तेवरच्या माणसाची अशी अदब राखणं हा पत्रकाराचा गुण की दोष, यावर भांडणही होईल, आणि व्हावं. पण आज काय आहे? मोठ्या नेत्यापासून छायाचित्रकार कठड्यामागे, पन्नास-शंभर फुटांवर. आतले फोटो सरकारी माणूस काढतो आणि सगळ्या कचेऱ्यांना तेच धाडतो. हातातला कॅमेरा सेकंदाला वीस फोटो काढतो, आणि वीसही एकसारखे. विमानात ओठांत सिगारेट धरून शेजारच्या इंग्रज बाईंची सिगारेट पेटवणारे नेहरू होमाईंना दिसले आणि त्यांनी बटण दाबलं. आज तसा फोटो काढायला कुणी जवळ जाऊ देईल का? आणि जाऊ दिलंच, तर तो सकाळी निघून दुपारपर्यंत शिवीगाळीचं साधन होणार.

निवृत्तीनंतरच्या होमाई बडोद्याला राहिल्या. नवरा गेला होता, पुढे मुलगाही गेला. एकटं घर, बाग, हाताने दुरुस्त केलेल्या वस्तू. कितीतरी वर्षं या बाई कोण होत्या, याची फारशी कुणी विचारपूस केली नाही. सबीना गडिहोक यांनी त्यांच्यावर पुस्तक लिहिलं, फोटोंचा ठेवा अल्काझी फाउंडेशनकडे गेला, २०१० मध्ये नॅशनल गॅलरी ऑफ मॉडर्न आर्टने मोठं प्रदर्शन भरवलं आणि २०११ मध्ये पद्मविभूषण मिळालं. १५ जानेवारी २०१२ रोजी, अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी त्या गेल्या. मिळालं ते सगळं मिळालं. फार उशिरा मिळालं.

निगेटिव्ह जपून राहिल्या म्हणून हे तरी झालं. आपल्या जिल्ह्याजिल्ह्यांतल्या फोटो स्टुडिओंचं काय? जत्रा, दुष्काळ, सहकारी कारखान्याचा पहिला मोळीपूजनाचा समारंभ हे सगळं ज्यांनी टिपलं, त्यांच्या निगेटिव्हची खोकी माळ्यावर बुरशीला लागली आहेत आणि मुलं ती भंगारात घालतायत. तेव्हा एक विनंती. घरातली जुनी फोटोंची पेटी या दिवाळीत खाली काढा. फोटो उलटा करून बघा, मागे स्टुडिओचा शिक्का असेल. नसेल, तर घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारून कोण, कुठे, कोणत्या साली आणि काढला कुणी, एवढं पेन्सिलीने लिहून ठेवा. पेनने नको, शाई पुढे उमटते.